गट एक, भाव दोन

आमच्या काकांच्या सहीवर दोन शब्द कमी पडले. कालव्यासाठी गेलेल्या जमिनीचा चेक घेताना पावतीवर ‘हरकत राखून’ असं लिहायचं असतं, हे त्यांना कुणी सांगितलं नव्हतं. रांगेत त्यांच्या पुढे उभ्या असलेल्या शेजाऱ्याला मात्र त्याच्या मेहुण्याने सांगितलं होतं. मेहुणा तालुक्याच्या कोर्टात कारकून होता. शेजाऱ्याने ते दोन शब्द लिहिले, मुदतीत अर्ज टाकला आणि अकरा वर्षांनी कोर्टाने त्याच्या जमिनीचा भाव जवळपास तिप्पट केला. काकांना हे समजलं ते शेजाऱ्याने घरावर स्लॅब टाकला तेव्हा. तोवर उरलीसुरली मुदतही उलटून गेली होती. गट क्रमांक एकच, फक्त पोटहिस्से दोन. माती तीच, विहीर सामाईक, अधिसूचना एक, आणि कालवा दोघांच्या रानातून एका रेषेत गेलेला. काका तक्रार करणारा माणूस नाही. एकदाच म्हणाले, “साहेबानं आकडा सांगितला, मी मान हलवली. सरकारशी घासाघीस करायची असते हे मला ठाऊकच नव्हतं.”

घासाघीस करायची असते, हे कायद्यातच बसलेलं आहे. भूसंपादन अधिकारी जो आकडा ठरवतो तो सरकारच्या वतीने केलेला देकार आहे, असं लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे त्या काळी भारतातल्या खटल्यांसाठी सर्वात वरच्या न्यायासनाने, १९०५ साली म्हटलं आणि आपल्या सर्वोच्च न्यायालयाने १९६१ मध्ये तेच उचलून धरलं. मालकाला देकार पटला तर त्याने घ्यावा, न पटला तर कोर्टात जावं. पण मराठीत या कागदाला आपण काय म्हणतो? ‘निवाडा’. निवाडा म्हटलं की पंच डोळ्यांपुढे येतात, न्यायासन येतं, आणि निवाड्याविरुद्ध बोलणारा माणूस आडमुठा वाटू लागतो. इंग्रजी ‘अवॉर्ड’चं हे भाषांतर शब्दाला धरून बरोबर असेल, पण खेड्यातल्या माणसाचं त्याने फार नुकसान केलं आहे. ज्या कागदाला कायदा देकार मानतो, त्याच्यावर ‘देकार’ असंच ठळक छापायला हवं, आणि त्याखाली हा देकार न पटल्यास काय करायचं, किती दिवसांत करायचं, कुठे करायचं ते.

वाढीव मोबदल्याच्या दाव्यांकडे शहाण्यासुरत्या लोकांत दोन नजरांनी पाहिलं जातं. एक नजर म्हणते, शेतकऱ्याची हाव वाढली आहे. धरण झालं, रस्ता झाला, तरी यांचं रडगाणं संपत नाही. दुसरी म्हणते, कोर्ट आहे ना, तिथे न्याय मिळतोच. दोन्ही मला पटत नाहीत. कोर्टात जाणारा हावरट नसतो, कारण देकार नाकारणं हा व्यवहाराचाच भाग आहे. आणि कोर्टात न्याय मिळतो हे खरं धरलं तरी तो मिळतो कोर्टात पोचलेल्यालाच. जमीन घेताना सरकार कुणालाही अर्ज करायला लावत नाही. गावातल्या पन्नास खातेदारांची जमीन एका अधिसूचनेने, एका दिवशी, न विचारता घेतली जाते. मग त्या जमिनीचा खरा भाव कोर्टाने ठरवल्यावर तो देताना मात्र प्रत्येकाने वेगळा अर्ज का करायचा? माझं म्हणणं एवढंच आहे की एका अधिसूचनेखालच्या सारख्या जमिनीला कोर्टाने एकदा भाव ठरवला की तो सगळ्यांना, न मागता मिळाला पाहिजे.

आधी हे पाहू की निवाड्यातला आकडा मुळात कमी का पडतो. १८९४चा जुना कायदा १ जानेवारी २०१४ रोजी गेला, तरी त्याच्याखाली घेतलेल्या जमिनींचे दावे अजून चालू आहेत, म्हणून तोच धरून बोलतो. त्यात भाव धरायचा तो कलम ४च्या, म्हणजे जमीन घ्यायची आहे असं पहिल्यांदा जाहीर करणाऱ्या, अधिसूचनेच्या तारखेचा. अधिकारी दुय्यम निबंधकाकडून आसपासची खरेदीखतं मागवतो. खरेदीखतात लिहिलेली रक्कम आणि हातात पडलेली रक्कम यांत किती अंतर असतं, हे आपल्याकडे शेंबड्या पोरालाही माहीत आहे. मुद्रांक शुल्क वाचवायला कागदावर भाव पाडायचा ही सवय आपलीच, आणि पुढे तीच खतं आपल्यासमोर पुरावा म्हणून उभी राहतात. दोष शेतकऱ्यांकडेही जातो, हे मी कबूल करतो. पण त्या पाडलेल्या भावांतूनही अधिकारी बहुधा खालचा किंवा सरासरीचा भाव उचलतो. मग मोठं क्षेत्र म्हणून काही टक्के वजा, रस्त्यापासून लांब म्हणून आणखी वजा. सातबाऱ्यावर विहिरीची नोंद राहून गेली असेल तर बागायत जमीन जिरायत ठरते. पिकांची नोंद तलाठ्याने किती वर्षं चावडीत बसूनच केली, याचा हिशेब निवाड्यात कुठे येत नाही.

यात अधिकाऱ्याला खलनायक ठरवण्याची मला गरज वाटत नाही. त्याच्या जागी बसून पाहा. भाव जास्त धरला तर लेखापरीक्षणात विचारणा, चौकशी, ‘कुणाशी साटंलोटं आहे का’ असा संशय. भाव कमी धरला तर त्याला कुणीच काही विचारत नाही. शेतकरी कोर्टात जाईल, आणि कोर्टाने वाढवून दिला तर तो कोर्टाचा हुकूम, सही करणाऱ्याच्या अंगावर काही येत नाही. अशा रचनेत कुठलाही सावध माणूस कमीच आकडा लिहील. म्हणजे भाव ठरवण्याचं खरं काम आपण मुकाट्याने न्यायाधीशांकडे ढकलून दिलं आहे, आणि तिथवर पोचण्याचा खर्च ज्याची जमीन गेली त्याच्यावर टाकला आहे.

तिथे पोचल्यावरही सगळं नव्याने मांडावं लागतं. पुण्याच्या जमिनीवरून १९८८ साली सर्वोच्च न्यायालयाने दिलेला निकाल या विषयात वकिलांना तोंडपाठ असतो. देकार न पटलेल्या मालकाचं प्रकरण कोर्टाकडे जातं त्याला कलम १८चा रेफरन्स म्हणतात; तो म्हणजे निवाड्यावरचं अपील नव्हे, तो स्वतंत्र दावा आहे. अधिकाऱ्याचा निवाडा हा पुरावा धरता येणार नाही. आणि देकार अपुरा आहे हे सिद्ध करायचं ओझं मालकावर. तत्त्व म्हणून हे ठीक आहे, पण व्यवहारात याचा अर्थ असा की ज्याची जमीन गेली, त्यानेच खरेदीखतांच्या नकला काढायच्या, नकाशा आणायचा, साक्षीदार उभे करायचे. मागणीच्या रकमेवर कोर्ट फी पडते म्हणून गरीब माणूस मागणीच कमी करतो. सर्वोच्च न्यायालयाने ही अडचण ओळखली आणि २०१६-१७च्या निकालांत सांगितलं की मालकाने कमी मागितलं असलं तरी योग्य भाव त्याहून जास्त निघाला तर तो द्यावा, फरकाची फी नंतर भरून घ्यावी. चांगला निकाल. पण तो लागू होतो कोर्टाची पायरी चढलेल्यालाच.

जिंतूर तालुक्यातलं उदाहरण ताजं आहे. परभणी जिल्ह्यातल्या तिथल्या शेतजमिनी १९९०च्या दशकाच्या सुरुवातीला औद्योगिक वसाहतीसाठी घेतल्या गेल्या. रेफरन्स कोर्टाने एकरी ३२,००० रुपये धरले. त्याच भागातलं एकरी ७२,९०० रुपयांचं खरेदीखत पुराव्यात होतं, ते बाजूला राहिलं. उच्च न्यायालयातही काही हाती लागलं नाही. जुलै २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की प्रामाणिक व्यवहारांपैकी सर्वात जास्त भावाचा व्यवहार धरायला हवा. ७२,९०० मधून २० टक्के वजा केले आणि एकरी ५८,३२० रुपये मंजूर केले. एका खरेदीखताकडे नीट पाहायला तीस वर्षं आणि तीन कोर्टं लागली. ज्यांनी दावा लावला त्यांतले सगळे हा आकडा ऐकायला उरले असतील का, हा विचार तो निकाल वाचताना माझ्या मनातून जात नव्हता.

मराठवाड्यात तर आणखी एक जुनं दुखणं आहे. बहात्तरच्या दुष्काळात आणि नंतर रोजगार हमीच्या कामांत पाझर तलाव खोदले गेले. लोकांना काम हवं होतं, गावाला पाणी हवं होतं. शेतकऱ्याने तोंडी होकार दिला, तलाव झाला, रान बुडालं. अधिसूचना निघाली त्यानंतर कितीतरी वर्षांनी. मग प्रश्न आला, ताबा आधीच घेतला असेल तर व्याज कुठल्या तारखेपासून? कायद्यातलं व्याज ताब्याच्या त्या जुन्या तारखेपासून देता येत नाही, मधल्या काळासाठी फार तर भाडं किंवा नुकसानभरपाई मागता येईल, असं सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये म्हटलं. ज्या माणसाने गावासाठी कागदाशिवाय जमीन सोडली, त्याच्याच पदरात कमी पडलं. ज्याने अडवून धरलं असतं, त्याला कायद्याने जास्त दिलं असतं. भलेपणाची अशी किंमत सरकारनेच लावली तर पुढच्या वेळी तोंडी होकार कोण देईल?

आता काकांच्या ‘उरल्यासुरल्या मुदती’कडे येतो. १९८४ साली संसदेने जुन्या कायद्यात मोठी दुरुस्ती केली. दिलासा रक्कम, म्हणजे जमीन सक्तीने घेतल्याबद्दल बाजारभावावर मिळणारी जादा रक्कम, ज्याला सगळे सोलेशियम म्हणतात, ती १५ टक्क्यांवरून ३० टक्के केली. अधिसूचनेपासून निवाड्यापर्यंत किंवा ताब्यापर्यंत दर साल १२ टक्के वाढीव रक्कम आणली. आणि कलम २८-अ घातलं. ज्यांना आपलं म्हणणं मांडता येत नाही अशा गरीब माणसांना रेफरन्सचा फायदा घेता येत नाही, ही विषमता जावी, हा त्यामागचा हेतू सरकारने तेव्हा स्पष्ट नोंदवला होता. त्याच अधिसूचनेतल्या दुसऱ्या कुणाला कोर्टाने वाढीव भाव दिला, तर जो कोर्टात गेला नव्हता त्यालाही तो मागता येतो. हरकत न राखता पैसे घेतलेल्यालासुद्धा. हेतू इतका सुंदर, आणि पुढे अट अशी की कोर्टाचा निकाल लागल्यापासून तीन महिन्यांत अर्ज करायचा.

तीन महिने कुठून मोजायचे? निकालाच्या तारखेपासून. ज्या खटल्यात तुम्ही पक्षकार नाही, ज्याची तारीख तुम्हाला माहीत नाही, ज्याचा निकाल तुमच्या गावापासून लांब जिल्ह्याच्या ठिकाणी इंग्रजीत लिहिला जातो, त्या निकालाची बातमी तुम्ही तीन महिन्यांत मिळवायची. बातमी द्यायचं काम कुणाचंच नाही. जिल्हाधिकारी त्या खटल्यात प्रतिवादी असतो, निकाल त्याच्या कार्यालयात पोचलेला असतो, अधिसूचनेतल्या सगळ्या खातेदारांची यादी त्याच्याच कपाटात असते. पण त्याने कुणाला कळवावं असं कायदा म्हणत नाही. आपलं म्हणणं मांडता न येणाऱ्यांसाठी केलेलं कलम, आणि त्याची दारं उघडतात ती सर्वात जागरूक असणाऱ्याला. एकच निकाल धरून अडकायचं कारण नाही, नंतरच्या निकालाच्या आधारेही अर्ज करता येतो, एवढी सवलत १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दिली. पण नंतरचाही निकाल कळायला तर हवा. २०१३चा नवा कायदा झाला तेव्हा हे दुरुस्त करता आलं असतं. त्याऐवजी कलम २८-अ जसंच्या तसं कलम ७३ म्हणून उचललं गेलं, तीन महिन्यांसकट.

माझी मागणी इथेच आहे, आणि ती फार मोठी नाही. कलम ७३ मधला ‘अर्ज’ हा शब्द काढून टाका. रेफरन्सचा निकाल अंतिम झाला की सहा महिन्यांत जिल्हाधिकाऱ्याने स्वतःहून त्या अधिसूचनेतल्या सगळ्या सारख्या जमिनींचा मोबदला नव्याने काढावा आणि यादी ग्रामपंचायतीच्या फळ्यावर लावावी. जुन्या कायद्याखालची जी प्रकरणं अजून कोर्टात आहेत, त्यांनाही हेच लागू करावं.

लगेच शंका येते की सगळ्या जमिनी सारख्या कुठे असतात? एक रस्त्याला लागून, एक ओढ्याकाठी, एक मुरमाड. बरोबर आहे. पण ही वर्गवारी अधिकारी निवाडा करताना स्वतःच करतो. आकारणीवरून, रस्त्याच्या जवळिकीवरून, पाण्यावरून तो जमिनींचे वर्ग पाडतो आणि वर्गागणिक दर लिहितो. देकार कमी ठेवताना हे वर्ग चालतात, तर वाढीव भाव देताना ते का चालू नयेत? वर्गातल्या एका जमिनीला कोर्टाने वाढ दिली, तर ती त्या वर्गाला लागू. ज्याला आपला वर्गच चुकला असं वाटतं, त्याने तेवढ्यापुरता दावा लावावा.

दुसरी शंका जास्त वजनदार आहे, आणि ती माझ्या एका वकील मित्राने मांडली. एका निकालाने पन्नास जणांना पैसे द्यावे लागणार असतील, तर सरकार प्रत्येक निकालावर अपील करेल आणि मिळतं तेही अडकेल. ही भीती खरी आहे. पण आज काय वेगळं चाललं आहे? रेफरन्स कोर्टाने वाढ दिली की ज्या महामंडळासाठी जमीन घेतली ते महामंडळ उच्च न्यायालयात जातंच. रक्कम कोर्टात भरली जाते, त्यातली निम्मी वगैरे हमीवर काढायला मिळते, उरलेली अपील संपेपर्यंत पडून. जिथे अपीलही नाही आणि पैसेही नाहीत, तिथे दरखास्त, म्हणजे कोर्टाचा हुकूम अमलात आणायचा अर्ज, लागते आणि बेलीफ जिल्हाधिकाऱ्याच्या कार्यालयात खुर्च्या, संगणक, गाडी जप्त करायला येतो. वर्तमानपत्रात त्या खुर्चीचा फोटो छापून येतो. त्या फोटोने माझं समाधान कधी झालं नाही. कोर्टाचा हुकूम सरकारनेच पाळावा म्हणून शेतकऱ्याला सरकारी खुर्ची उचलायला माणूस पाठवावा लागतो, ही आपल्या राज्याला शोभणारी गोष्ट नाही.

अपिलाच्या भीतीवर उपाय आहे. निवाड्यातल्या प्रत्येक वर्गातले दोन-तीन दावे नमुना म्हणून निवडावेत, ते आधी चालवावेत, दोन्ही बाजूंनी पूर्ण ताकदीने पुरावा द्यावा आणि त्यांचा निकाल सगळ्या वर्गाला लागू व्हावा. आज शंभर दावे सुटे लागतात, कधी एकत्र होतात, कधी होत नाहीत, आणि सरकारी बाजूने साक्षीदारच आला नाही अशी नोंद निकालपत्रांत वाचायला मिळते. सगळ्या वर्गाचा भाव दोन दाव्यांवर ठरणार असेल, तर सरकारी वकीलही तयारी करून येईल. खोटे दावे तिथेच पकडले जातील. हो, खोटे दावे असतात. अधिसूचनेची कुणकुण लागताच नातलगांत फुगवलेल्या भावाने केलेली खरेदीखतं असतात, जमिनीवर नसलेली आणि पंचनाम्यात वाढलेली फळझाडं असतात, वाढीव रकमेत टक्का ठरवून दावे घेणारे असतात. वकिलाने निकालाच्या टक्क्यावर फी ठरवणं बार कौन्सिलच्या नियमांत बसत नाही, तरी तालुक्यातालुक्यात ते चालतं. या सगळ्याचं मूळ एकच आहे: भाव मिळवणं हे ज्याचं त्याने आपल्या जोरावर करायचं काम होऊन बसलं आहे. जिथे माहितीची टंचाई असते तिथे माहिती विकणारे उभे राहतातच.

तिजोरीचं काय, असं विचारणाऱ्यांसाठी थोडा हिशेब. जुन्या कायद्याखाली एकरी फक्त १,००,००० रुपये कमी धरले गेले असं समजा. कोर्टाने ते मान्य केले की त्यावर ३० टक्के दिलासा ३०,०००; अधिसूचना ते निवाडा दोन वर्षं धरली तर १२ टक्क्यांनी २४,०००; झाले १,५४,०००. ताब्यापासून पहिल्या वर्षी ९ टक्के आणि पुढे १५ टक्के व्याज. ते दिलासा रकमेसकट सगळ्यावर द्यायचं, हे २००१ मध्ये पाच न्यायमूर्तींच्या पीठाने ठरवून टाकलं आहे. निकाल वीस वर्षांनी लागला तर व्याज होतं ४,५२,७६०. एक लाखाच्या चुकीचे सहा लाखांहून जास्त. नव्या कायद्यात तर ग्रामीण भागात बाजारभावाला २ पर्यंत गुणांक आणि त्यावर १०० टक्के दिलासा. २ गुणांक असेल तिथे एक लाखाची चूक पहिल्याच दिवशी चार लाखांची होते आणि दुसऱ्या वर्षापासून तिच्यावर दर साल ६०,००० व्याज चढतं. देकार नीट न देणं आणि ठरून गेलेल्या भावावर सवयीने अपील करत राहणं, हीच तिजोरीची सर्वात महागडी उधळपट्टी आहे. तिजोरीची काळजी असेल तर अपील करण्याआधी हा हिशेब फाइलीवर मांडण्याची सक्ती करा, खाली सही करणाऱ्याच्या नावासकट.

नवा कायदा आला म्हणून दावे संपतील अशी आशा होती. भाव ठरवायची रीत सुधारली हे खरं. मुद्रांकाच्या दरतक्त्यातला भाव, आणि तीन वर्षांतल्या खरेदीखतांपैकी वरच्या भावाच्या अर्ध्या खतांची सरासरी, यांतला जास्त असेल तो धरायचा. पण खरा भाव दाखवत नाही असं वाटलं तर एखादं खत वगळण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्याकडेच ठेवला आहे, म्हणजे जुनं भांडण नव्या कलमात येऊन बसलं. रेफरन्स आता दिवाणी न्यायालयाऐवजी वेगळ्या प्राधिकरणाकडे जातो, आणि त्याने सहा महिन्यांत निकाल द्यावा अशी कायद्याची अपेक्षा आहे. अपेक्षा कायद्यात लिहून भागत नाही. प्राधिकरणावर माणूस, कारकून, जागा वेळेवर असावी लागते.

राष्ट्रीय महामार्गांचा प्रकार याहून वाईट. १९५६च्या महामार्ग कायद्यात देकार पटला नाही तर लवादाकडे जायचं, आणि लवाद नेमतं केंद्र सरकार, बहुतेक वेळा महसूल खात्यातलाच वरिष्ठ अधिकारी. कितीतरी वर्षं या कायद्यात दिलासा रक्कमही नव्हती आणि ते व्याजही नव्हतं. धरणाला जमीन गेली तर ३० टक्के आणि हायवेला गेली तर शून्य, हा भेदभाव सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०१९ मध्ये घटनाबाह्य ठरवला. त्यानंतर महामार्ग प्राधिकरण पुन्हा कोर्टात गेलं, की हा निकाल फक्त यापुढे लागू करा. फेब्रुवारी २०२५ मध्ये कोर्टाने ते नाकारलं. तमिळनाडूतल्या एका प्रकरणात चौरस मीटरला ४६ ते ८३ रुपयांच्या दरम्यान भाव दिला गेला होता, लवादाने तोच कायम केला आणि जिल्हा न्यायालयाने तो ६४५ रुपये केला. २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की लवादाचा निर्णय कोर्टाला रद्द करता येतो, पण त्यातला आकडा बदलता येत नाही. त्या शेतकऱ्यांचे वाढीव पैसे मात्र न्यायाचा विचार करून काढून घेतले नाहीत. एप्रिल २०२५ मध्ये घटनापीठाने मर्यादित बदलाची वाट मोकळी केली आहे. तिचा किती उपयोग होतो ते पुढे दिसेल. पण घेणारं सरकार, देकार देणारं सरकार आणि लवाद नेमणारंही सरकार, ही साखळी तोडल्याशिवाय हायवेला जमीन दिलेल्या माणसाचा विश्वास बसणार नाही.

कोर्टाला काय देता येत नाही हेही सांगायला हवं. ज्या कामासाठी जमीन घेतली त्या कामामुळे वाढणारी किंमत मोबदल्यात धरायची नाही, असं जुन्या कायद्याने स्पष्ट म्हटलं होतं. फेब्रुवारी १९७०च्या अधिसूचनेने नवी मुंबईसाठी जमिनी घेताना भातशेती आणि मिठागरांचा भाव धरला गेला; तिथे उभ्या राहणाऱ्या शहराचा भाव कुठल्याच कोर्टाला देता आला नसता. म्हणून तो लढा दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली रस्त्यावर गेला. जानेवारी १९८४ मध्ये उरण भागात गोळीबार होऊन पाच जण गेले, आणि मग पुढे साडेबारा टक्के विकसित भूखंडाची योजना आली. जमिनीच्या पुढच्या किमतीत वाटा हा हक्काचा मुद्दा महाराष्ट्राने देशाला शिकवला, पण माणसं गमावून.

समृद्धी महामार्गाला सरकारने दुसरी वाट काढली: थेट खरेदी. दोनचा गुणांक, शंभर टक्के दिलासा, म्हणजे चौपट. संमतीने देणाऱ्याला त्यावर २५ टक्के, म्हणून पाचपट. ७०१ किलोमीटरच्या रस्त्यासाठी अनेकांनी अशी खरेदीखतं करून दिली आणि पैसेही लवकर मिळाले. मी या वाटेच्या विरोधात नाही. पण थेट खरेदीनंतर रेफरन्सचा हक्क राहत नाही, आणि पाचपट कशाच्या, हा प्रश्न उरतोच. मूळ आकडाच पाडलेला असेल तर पाचपटही पाडलेलीच. आता शक्तिपीठ महामार्गावरून कोल्हापूर-सांगलीकडे जो विरोध उभा आहे, त्यात जमीन जाण्याचं दुःख मोठं आहेच; पण आधीच्या प्रकल्पांत भाऊबंदांना मिळालेल्या वेगवेगळ्या आकड्यांच्या आठवणीही त्यात आहेत. तिथल्या बागायतदाराला सरकारच्या पहिल्या आकड्यावर विश्वास ठेव म्हणून सांगायचं असेल, तर पहिला आकडा चुकला तर तो सगळ्यांसाठी दुरुस्त होईल, ही हमी आधी कायद्यात दिसली पाहिजे.

जानेवारी २०२५ मध्ये बंगळुरू-म्हैसूर रस्त्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००३ची अधिसूचना असूनही भाव २०१९चा धरायला लावला, कारण इतकी वर्षं लोकांना पैसेच दिले गेले नव्हते. संपत्तीचा हक्क १९७८च्या ४४व्या घटनादुरुस्तीने मूलभूत हक्कांतून गेला, तरी कलम ३००-अ मध्ये तो घटनेचा हक्क म्हणून उभा आहे, हे कोर्टाने त्यात पुन्हा सांगितलं. घटनेचा हक्क अर्जाच्या तीन महिन्यांत बांधता येतो का, हा प्रश्न आता विधानसभेत आणि संसदेत विचारायला हवा. भूसंपादन समवर्ती सूचीतला विषय आहे. महाराष्ट्राला मनात आणलं तर कलम ७३ला स्वतःची दुरुस्ती करून ती राष्ट्रपतींच्या संमतीसाठी पाठवता येते.

गेल्या उन्हाळ्यात शेजारच्या गावी साठवण तलावाच्या जमिनीचे चेक वाटले. काका आता सत्तरीच्या पुढे आहेत. त्यांची तिथे एक गुंठाही जमीन नव्हती. सकाळच्या एसटीने गेले, मंडपाच्या दारात बसले आणि रांगेतल्या प्रत्येकाला पावतीवर कुठे काय लिहायचं ते दाखवत राहिले. संध्याकाळी घरी आले तेव्हा खिशातल्या दोन्ही पेनांची शाई संपली होती.